गांधार देशाचा मोजणीदार

मोठेपणी कोण होणार, असं पाहुण्यांनी विचारावं आणि मुलांनी डॉक्टर, इंजिनियर अशी ठरलेली उत्तरं द्यावीत, ही आपल्याकडची जुनी रीत. माझं उत्तर मात्र कुणालाच कळत नसे. मी सांगे, "मी गांधार देशात सूरमोजणीदार होणार!" पाहुणे चहाचा कप खाली ठेवून तात्यांकडं पाहत आणि तात्या खिडकीबाहेर पाहत.

खरं म्हणजे याला तात्याच जबाबदार होते. माझे वडील मोजणीदार. दिवसा लोकांच्या जमिनी मोजायच्या आणि रात्री पेटी काढून बसायचं, हा त्यांचा शिरस्ता. एकदा सारेगम शिकवता शिकवता ते सहज बोलून गेले, की गांधार नावाचा देशही होता. महाभारतातली गांधारी तिथलीच, आणि तक्षशिला, पेशावर हा सारा तोच मुलूख. झालं! माझ्या डोक्यात किडा शिरला. एका सुराचा देश आहे, तर बाकीच्या सहांचे कुठं आहेत? तात्या म्हणाले, "शोधून काढ."

मी आणि माझ्या धाकट्या बहिणीनं एका रद्दी नकाशाच्या पाठीवर ते सहाही देश दोन दिवसांत शोधून काढले. षड्ज आणि पंचम हे मैदानी मुलूख, कारण ते स्वर जागचे हलत नाहीत. रिषभ, गांधार, धैवत, निषाद यांच्या सीमा कोमल-शुद्धाच्या भांडणात सदा खालीवर. मध्यमाच्या देशात तेवढा एक उंच डोंगर, तीव्र मध्यमाचा.

या सातही देशांत कागदावर नकाशा काढायला मनाई होती. नकाशा गायचा! सूरमोजणीदार खांद्यावर तंबोरा टाकून मुलूख पायी फिरे आणि परत येऊन दरबारात तो गाऊन दाखवी. चढ आला की आवाज तारसप्तकात, दरी आली की खर्जात. नदी मिंडेनं ओलांडायची, दगडगोट्यांची वाट खटक्या-मुरक्यांनी. गावाची शीव म्हणजे सम. तिथं चुकला तर दोन गावांत डोकी फुटलीच म्हणून समजा. मोजणीदाराला पडसं झालं तर डोंगर हातभर खाली बसत. आणि गाताना एखादा स्वर सुटला, तर त्या जागची विहीर नाहीशी होई आणि वाटसरू तहानेनं मरत. हा शेवटचा नियम बहिणीचा. ती लहानपणापासून कडक.

तुम्ही म्हणाल, पोरखेळ. पण तात्यांची साखळी पाहिली असतीत, तर तुम्हांलाही शंका आली असती. जुन्या महसुली मोजणीची साखळी ३३ फुटांची आणि तिचे भाग १६. त्यांना म्हणायचे आणे. ३३ फूट लांब, ३३ फूट रुंद तो एक गुंठा, आणि ४० गुंठ्यांचा एकर. आता त्रिताल मोजा. मात्रा १६! साखळीवाले शेतातून साखळी ओढत निघाले की मी बांधावर बसून टाळी धरी. नवव्या आण्याला खाली, सोळा भरले की पुन्हा सम. हा निव्वळ योगायोग, हे आता कळतं. रुपयाचे आणे सोळा, म्हणून साखळीचेही सोळा. पण काही योगायोग मोडवत नाहीत. रागांची नावंच घ्या ना, मुलतानी, जौनपुरी, सोरठ. घराणी तरी काय? ग्वाल्हेर, आग्रा, किराणा, पतियाळा. आपल्या गवयांनी मुलूख गळ्यात बांधून ठेवलेला दिसतो.

खरा सूरमोजणीदार मात्र आमच्याच घरात होता, आणि तो मला फार उशिरा ओळखू आला. माझी आत्या. लग्नानंतर दोन वर्षांत कपाळ पांढरं होऊन ती माहेरी आली होती. पहाटे जात्यावर बसली की ती आमची शेतं गात असे. पंढरीच्या, भावाच्या ओव्या व्हायच्याच. पण त्यांच्या आधी एकेका शेताची ओवी. पहिलं ओढ्याकाठचं, मग विहिरीचं, मग माळाचं, शेवटी कातळाखालचं. वाटेतली बाभूळ, म्हसोबाचा दगड, पावसाळ्यात पाय घसरतो ती उतरण, सगळं जागच्या जागी. क्रम कधी बदलला नाही. अंथरुणात पडल्या पडल्या, डोळे मिटून, मी साऱ्या शेतांतून फिरून येत असे.

पुढं ऑस्ट्रेलियातल्या आदिवासींविषयी वाचलं आणि थक्क झालो. तिथं आदिपूर्वज ज्या वाटांनी जग घडवत गेले, त्या वाटा गाण्यांत बांधलेल्या आहेत. गाण्याचा क्रम तोच पाणवठ्यांचा, खडकांचा क्रम. एका लोकांची हद्द संपली की भाषा बदलते, गाणं पुढं चालूच राहतं. १९९३ च्या कायद्यानं त्यांना जमिनीवरचा परंपरागत हक्क सांगायची सोय झाली. पण कागद आणायचे कुठून? त्यांनी गाणी म्हणून दाखवली, नाच केले, चित्रं काढली. ग्रेट सँडी वाळवंटातल्या लोकांनी १९९७ साली आठ मीटर रुंद आणि दहा मीटर लांब कापडावर आपला देश रंगवला, आणि त्यावरच्या आपापल्या पाणवठ्यापाशी उभं राहून आपापल्या भाषेत साक्ष दिली. २००७ साली त्यांचा हक्क मान्य झाला.

आमच्याकडं असं काही झालं नाही. आजोबा गेले १९६३ साली. १९५६ च्या वारसा कायद्यानं मुलींनाही वाटा दिला होता, आणि तो कायदा तात्यांना तोंडपाठ होता. आत्याचं नाव वारसांत लागलं, आणि महिन्याभरात हक्कसोडपत्रही तयार झालं. जबरदस्ती कुणीच केली नाही. "आक्का, घर तुझंच आहे. कागद घेऊन काय करायचंय?" असं तात्या म्हणाले, आणि ते मनापासून म्हणाले. परक्याच्या बांधात वीतभर चूक न खपवणारा माणूस! आत्यानं अंगठा उठवला, शाई पदराला पुसली आणि दळण निवडायला आत गेली. कातळाखालचं तिच्या वाट्याला आलं असतं, असं आई नंतर केव्हातरी बोलली.

दुसऱ्या दिवशी पहाटे जातं सुरू झालं. ओढ्याकाठचं आलं, विहिरीचं आलं, माळाचं आलं, आणि ओवी म्हसोबाच्या दगडापासून वळून परत घरी आली. मी डोळे उघडले. शेजारी तात्या अंथरुणात उठून बसले होते.

"आक्का," ते म्हणाले, "कातळाखालचं राहिलं."

जातं थांबलं नाही.

"तुझ्या कागदात आहे ना रे," आत्या म्हणाली, आणि तिनं पंढरीची ओवी धरली.