चाळीस किलोबाइटांचा खेळ

चि. मीरा,


कॉलेजच्या प्रोजेक्टनंतर आजीच्या कपाटात पडून असलेला राझबेरी पाय ३ भंगारात देऊ का, असं तू विचारलंस. अजिबात देऊ नकोस. २०१६ सालचा हा छोटा संगणक-बोर्ड आजच्या ब्राउझरपुढे धापा टाकतो हे खरं, पण त्याला आजची कामं सांगायचीच कशाला? त्यावर जुने व्हिडिओ गेम चालव. १९८५चा 'सुपर मारिओ ब्रदर्स' अख्खा ४० किलोबाइटांत बसवलेला होता. सकाळी येणारे सुप्रभातचे फोटोसुद्धा त्याहून मोठे असतात! तो चालवणारा निन्टेंडोचा प्रोसेसर २ मेगाहर्ट्झलाही पोचत नव्हता. तुझ्या पायमध्ये १.२ गिगाहर्ट्झचे चार कोअर आहेत.

ही ताकद लागते, कारण जुन्या प्रोसेसरची एकेक सूचना वाचून त्यानं जे केलं असतं ते पायवरच्या सॉफ्टवेअरला करून दाखवावं लागतं. म्हणूनच निन्टेंडो ६४चे खेळ यावर अडखळतात, त्यांचा हट्ट धरू नकोस. आठ आणि सोळा बिटांचे मात्र छान चालतात.

जुने खेळ चालवणारं 'रेट्रोपाय' तुला राझबेरी पाय इमेजरमध्येच मिळेल. ते मायक्रोएसडी कार्डावर लिहून घे. पुढचं बरंचसं पडद्यावरच जुळवता येतं. चार्जर मात्र अडीच अँपिअरचा हवा. कमी पडला की पडद्याच्या कोपऱ्यात पिवळ्या विजेचं चिन्ह दिसतं. आणि बंद करताना मेन्यूतूनच शटडाउन दे, एकदम स्विच बंद केला तर कार्ड बिघडू शकतं.

आता माझ्या आवडीचं. आजीकडचा पिक्चर ट्यूबचा टीव्ही चालू आहे ना? तोच लाव. पायच्या हेडफोनसारख्या जॅकमधून आवाजाबरोबर चित्रही बाहेर येतं. पायसाठीची एव्ही केबल माग, सगळ्या एव्ही केबलींच्या जोडण्या सारख्या नसतात. पाय मुळात एनटीएससी चित्र पाठवतो आणि आपले जुने टीव्ही पाल पद्धतीचे, म्हणून कॉन्फिग फाइलमध्ये 'एसडीटीव्ही मोड' २ कर. एवढी खटपट का? एलईडी टीव्ही चित्रावर प्रक्रिया करून ते दाखवतो, त्यात क्षणभर उशीर होतो आणि मारिओ खड्ड्यात पडतो. ट्यूबवर बटण दाबताक्षणी उडी बसते. ते खेळ रंगवले गेले तेही याच पडद्यासाठी.

राहिला प्रश्न खेळ कुठून आणायचे याचा. हजारो खेळ भरलेली कार्डं विकणारे भेटतील. घेऊ नकोस. त्यातल्या बहुतेक खेळांचे हक्क अजून कंपन्यांकडे आहेत. त्याऐवजी 'मायक्रो मेजेस' विकत घे. २०१९ साली त्याच जुन्या निन्टेंडोसाठी बनवलेला, चौघांनी मिळून खेळायचा हा खेळ, तोही ४० किलोबाइटांतच बसवलेला. इतक्या वर्षांनी कुणी हौसेनं त्या मर्यादेत काम करतं, याचं मला फार कौतुक वाटतं. अशा माणसांना पैसे मिळायलाच हवेत.

दिवाळीला येईन तेव्हा दोन कंट्रोलर माझ्याकडून. बाकीचे दोन तू जमव आणि आजीलाही खेळायला बसव.

तुझा,
मामा