वाल, भात आणि मंद आच

ठाणे, पालघर, रायगडच्या पट्ट्यात भाताची कापणी उरकली की त्याच खाचरांत वाल पेरतात. पावसाचं पाणी भाताने प्यायचं आणि मातीत उरलेल्या ओलीवर वालाने वाढायचं, अशी ही जुनी वाटणी. वालाच्या मुळांवरच्या गाठी हवेतला नायट्रोजन धरून ठेवतात आणि जाता जाता खाचराचंही देणं फेडतात. शिमग्याच्या सुमारास शेंगा वाळतात, दाणा निघतो आणि तो अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंडच्या वाण्याकडे पोचतो. एका खाचरातली ही दोन पिकं उपनगरातल्या ताटात पुन्हा एकत्र येतात. तांदळात लायसीन कमी, ते वालात भरपूर. वालात मेथिओनिन कमी, ते तांदळातून मिळतं. वालभाताचं पोटाला पुरणं हे असं आहे.

मात्र वाल घाईच्या माणसाचा नाही. कडवा वाल रात्री भिजत घालायचा, सकाळी पाणी ओतून टाकायचं, दाणे ओल्या फडक्यात बांधून मोड येईपर्यंत झाकून ठेवायचे. उन्हाळ्यात एका रात्रीत मोड डोकावतात, थंडीत दुसरा दिवस उजाडतो. भिजवल्याचं पाणी ठेवायचं नसतं, कारण वालातल्या कडवट, अपायकारक द्रव्यांचा काही भाग त्यातून निघून जातो. उरलेलं काम उकळी करते. पुढचं काम सोलण्याचं. मोडाचे वाल कोमट पाण्यात टाकले की साल सैल होते. दाणा अंगठा आणि तर्जनीच्या मध्ये धरून मोडाच्या बाजूने हलकेच दाबला की पांढरीशुभ्र डाळिंबी सुळकन बाहेर येते आणि साल बोटांत राहते. जोर जास्त झाला तर तिची दोन शकलं होतात. वाटीभर वाल सोलायला दोन माणसं आणि एक मालिका पुरते. संध्याकाळच्या लोकलच्या लेडीज डब्यात मटार, गवार निवडली जाते तशा डाळिंब्याही सोलल्या जातात. ज्यांना तेवढंही जमत नाही त्यांच्यासाठी भाजीबाजारात सोललेले वाल पिशवीत मिळतात.

इतक्या निगुतीने सोललेली डाळिंबी कुकरच्या शिट्ट्यांत घातली तर तिचं पिठलं होतं. म्हणून डाळिंब्यांची रसभाजी, म्हणजे बिरडं, पातेल्यात, मंद आचेवर करतात. तेलात जिरं, हिंग, हळद. त्यावर डाळिंब्या अलगद परतायच्या. मग ओलं खोबरं, जिरं, हिरवी मिरची आणि कोथिंबिरीचं वाटण. पातेल्यावर खोलगट ताट आणि ताटात पाणी. खालून वर आलेली वाफ ताटाच्या थंड बुडाला लागते, तिचे थेंब होतात आणि पुन्हा डाळिंब्यांवर पडतात. रस आटू लागला तर ताटातलं तापलेलं पाणीच आत ओततात. गार पाणी घातलं तर उकळी मोडते आणि दाणा दडस राहतो. डाव फिरवत नाहीत, पातेलं फडक्याने धरून हलवतात. आमसूल आणि गूळ डाळिंबी बोटाने दबू लागल्यावर, कारण आंबट आधी पडलं तर दाणा मऊ व्हायला अडून बसतो. नारळाचं घट्ट दूध अगदी शेवटी, आणि त्यानंतर खळखळून उकळी नाही.

सीकेपी समाजाच्या घरांत हे बिरडं श्रावणी सोमवारचं. दिवसभराचा उपास संध्याकाळी सोडायचा, म्हणून त्यात कांदा-लसूण नाही. एरवी दोन्ही चालतात. पानात वाफाळता भात, त्यावर बिरडं, बाजूला अळूवडी. सोमवारची अशीच सांगड पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला, अमेरिकेतल्या न्यू ऑर्लिन्स शहरातही आहे. तिथे पूर्वी सोमवार हा कपडे धुण्याचा वार असे. बायका धुण्यात गुंतलेल्या असताना चुलीच्या कडेला राजम्याचं भांडं दिवसभर रटरटत राहायचं आणि त्यात रविवारच्या जेवणातलं उरलेलं डुकराच्या मांसाचं हाड पडायचं. कांदा, सेलरी आणि ढोबळी मिरची हा त्या क्रिओल स्वयंपाकाचा पाया. जॅझचा बादशहा लुई आर्मस्ट्राँग तर पत्राखाली सही करतानाही या राजमा-भाताचं नाव गुंफत असे. या राजम्याचं नात्यातलं भावंड गोव्यात आहे: पोर्तुगिजांकडून आलेली, चोरिस (डुकराच्या मांसाचं सॉसेज) घातलेली फेजोआद. बोरिवलीच्या आय.सी. कॉलनीसारख्या वस्तीत गोवेकर घरांतून ती भाताबरोबर वाढली जाते.

दिवसभर रटरटणाऱ्या त्या भांड्याचं विजेवरचं रूप म्हणजे स्लो कुकर. आयर्विंग नॅक्सन या अमेरिकी संशोधकाला 1940 साली अशा भांड्याचं पेटंट मिळालं आणि 1971 मध्ये ते ‘क्रॉक-पॉट’ नावाने बाजारात आलं. आत जाड चिनीमातीचं भांडं, भोवती तापणारी तार, वर काचेचं झाकण. झाकणाखाली वाफेचे थेंब पुन्हा आत पडतात, म्हणजे तत्त्व ताटातल्या पाण्याचंच. सकाळची 7.42ची लोकल पकडून रात्री परतणाऱ्या घराला ते सोयीचं आहे, कारण गॅसजवळ कुणाला उभं राहावं लागत नाही. 200 वॅटचं यंत्र आठ तास चाललं तर दीड युनिटच्या आसपास वीज जाते.

यात एक पथ्य मात्र चुकवून चालत नाही. राजम्यात फायटोहीमॅग्लुटिनिन नावाचं विषारी प्रथिन असतं आणि चार-पाच कच्चे दाणेही उलट्या-जुलाबाला पुरतात. स्लो कुकर हळूहळू तापतो. 80 अंशांच्या आसपासच रेंगाळलेला राजमा कच्च्यापेक्षाही जास्त बाधू शकतो. म्हणून राजमा रात्रभर भिजवायचा, ते पाणी टाकायचं, ताज्या पाण्यात गॅसवर खळखळून अर्धा तास उकळायचा आणि मगच स्लो कुकरमध्ये घालायचा. प्रेशर कुकरमध्ये तापमान 120 अंशांजवळ जातं, तिथे ही भीती नाही. वालालाही आधी उघड्या पातेल्यात उकळी द्यावी. सोललेली डाळिंबी मात्र आठ तास टिकत नाही. तिला ताटाखालची अर्ध्या तासाची आचच मानवते. दिवसभराच्या भांड्यासाठी राजमा किंवा सालासकट वाल घ्यावा. टोमॅटो, कोकम शेवटच्या तासात घालावं.

भात या भांड्यात शिजवू नये, त्याचा लगदा होतो. तो वेगळा, मोकळा हवा. 2021 साली भौगोलिक मानांकन मिळालेला वाडा कोलम यासाठी उत्तम: दाणा बारीक, शिजल्यावर हलका आणि रस पिणारा. तांदूळ धुऊन अर्धा तास निथळत ठेवावा, दुप्पट आधणात घालावा, पाणी आटल्यावर झाकून मुरू द्यावा. बिरडं भातावर आयत्या वेळी वाढावं. उरलं तर निवताच फ्रिजमध्ये ठेवावं, कारण मुंबईच्या दमट हवेत नारळाचा रस रात्रभरात आंबतो. राजम्याची गोष्ट वेगळी. फ्रिजमध्ये ठेवला तर दुसऱ्या दिवशी रस दाटतो, मसाला दाण्यात मुरतो आणि तो जास्तच चवदार लागतो. डब्यात न्यायचा तर हाच न्यावा.