कावडीवर उभे राहिलेले नगर

जपानच्या सहलीला जाणारी आपली मंडळी बहुधा तोक्यो, फुजी पर्वत, क्योतो आणि हिरोशिमा एवढे पाहून परततात. व्यापारी घराण्यातील माणसाने त्यात आणखी एका दिवसाची भर घालावी, असे एक गाव क्योतोपासून रेल्वेने सुमारे पस्तीस मिनिटांवर आहे. त्याचे नाव ओमीहाचिमान. शिगा प्रांतात, बिवा या विशाल सरोवराच्या पूर्वेस ते वसलेले आहे. तेथे भव्य राजवाडा नाही, गगनाला भिडणारे मनोरे नाहीत. एक टेकडी, एक कालवा आणि काळाने काळवंडलेल्या लाकडी घरांच्या सरळ रांगा, एवढेच त्याचे वैभव. परंतु जपानमधील व्यापाराच्या नीतीचा विषय निघाला की ज्यांचे नाव आदराने घेतले जाते, त्या ‘ओमी शोनिन’ म्हणजे ओमी प्रांतातील व्यापाऱ्यांची ही एक प्रमुख पेठ.

चातुर्मास आटोपल्यावर, नोव्हेंबरच्या अखेरीस, महाराष्ट्रातील चौदा जणांचा एक गट येथे एका दिवसासाठी आला होता. पुणे, सोलापूर, बार्शी येथील ही व्यापारी कुटुंबे. स्थानकापासून बसने काही मिनिटांत जुन्या पेठेजवळ उतरल्यावर एक स्थानिक मार्गदर्शक त्यांना भेटले. निवृत्तीनंतर आपले गाव पाहुण्यांना दाखवण्याचे काम ते हौसेने करीत. त्यांनी वाकून नमस्कार केला आणि प्रथम सर्वांना कालव्याच्या काठावर नेले.

सन १५८५ मध्ये तोयोतोमी हिदेयोशीचा भाचा हिदेत्सुगु याने समोरच्या हाचिमान टेकडीवर किल्ला बांधला आणि पायथ्याशी हे नगर वसवले. त्या वेळी तो विशीही ओलांडलेला नव्हता. किल्ल्याचा खंदक त्याने थेट बिवा सरोवराला जोडला आणि सरोवरातून जाणाऱ्या नौकांनी या नगराच्या धक्क्याला लागलेच पाहिजे, असा नियम केला. बाजारात व्यापाऱ्यांच्या संघांची मक्तेदारी त्याने मोडली आणि कोणालाही खुलेपणाने व्यापार करू दिला. संरक्षणासाठी खोदलेला खंदक असा मालवाहतुकीचा राजमार्ग झाला.

पुढे मामाची मर्जी फिरली. १५९५ मध्ये हिदेत्सुगुला आत्महत्या करण्यास भाग पाडण्यात आले, त्याच्या बायकामुलांचीही हत्या झाली आणि किल्ला कायमचा ओस पडला. नगर वसून अवघी दहा वर्षे झाली होती. राजाश्रय गेल्यावर अशी गावे सहसा विरून जातात. हाचिमान विरले नाही, कारण येथील माणसांनी कावड खांद्यावर घेतली.

कावड हा येथे केवळ अलंकार नाही. खांद्यावर आडवी काठी, तिच्या दोन्ही टोकांना मालाचे गाठोडे, अशा थाटात हे व्यापारी डोंगर ओलांडून दूरदूरच्या प्रांतांत जात. जाताना ते कापड, मच्छरदाण्या, तातामी चटयांची आवरणे, औषधे नेत आणि येताना त्या प्रांतातील कच्चे रेशीम, ताग यांसारखा माल आणीत. जाता-येता दोन्ही वेळा कमाई होई, म्हणून या पद्धतीला तेथे ‘करवतीचा व्यापार’ म्हणत. करवत पुढे ढकलतानाही कापते आणि मागे ओढतानाही, तसे. हे ऐकताच सोलापूरचे एक कापड व्यापारी उद्गारले, “रिकामी गाडी परत आणायची नाही, हे आमच्या वडिलांचेही सूत्र!” गटात हशा पिकला. दुभाष्याने तो उद्गार जपानीत सांगितल्यावर मार्गदर्शकांनीही हसून मान डोलावली.

शिनमाची नावाच्या रस्त्यावर या व्यापाऱ्यांची घरे आहेत. १९९१ पासून ही वस्ती राष्ट्रीय संरक्षित वारसा क्षेत्र आहे. दर्शनी भाग साधा, लाकडी जाळ्यांचा. आतील अंगणातील पाइन वृक्षांच्या फांद्या मात्र कुंपणावरून रस्त्यावर डोकावतात. धन बाहेर दिसू नये आणि आत कशाची उणीव नसावी, असा हा थाट.

येथील निशिकावा रिएमोन घराण्याचे घर आतून पाहता येते. मच्छरदाण्या आणि तातामीची आवरणे हा त्यांचा धंदा. मुख्य वास्तू १७०६ सालची आणि मागील तीन मजली कोठार त्याहूनही जुने. पुण्याच्या एक भगिनी मच्छरदाणीची हकीकत ऐकून म्हणाल्या, “डास न मारता माणसाला झोप देणारी वस्तू विकून घर श्रीमंत झाले, हे फार बरे वाटले.”

व्यवहाराची काटेकोरता हा या व्यापाऱ्यांचा दुसरा विशेष. जवळच्या हिनो गावातील नाकाई घराण्याच्या अठराव्या शतकातील वह्यांमध्ये नफा दोन वाटांनी काढलेला आढळतो. एकीकडे उत्पन्न आणि खर्च, दुसरीकडे मालमत्ता आणि देणी. दोन्हींचे उत्तर जुळले तरच हिशेब खरा. पाश्चात्य दुहेरी नोंद पद्धत जपानमध्ये पोहोचण्याच्या कितीतरी आधीची ही गोष्ट. याच घराण्यातील एकाने सेता नदीवरील प्रसिद्ध पुलासाठी तीन हजार र्‍यो दिले. पुलाला लागले एक हजार. उरलेले दोन हजार गुंतवून त्यांच्या व्याजातून भविष्यात पूल पुन्हा बांधावा, अशी त्यांची योजना होती. देणगी आणि कायम निधी यांतील फरक त्यांना नेमका ठाऊक होता.

ओमी व्यापाऱ्यांचे ब्रीद म्हणून आज ‘सान्पो योशी’ हे वचन सांगितले जाते. विकणाऱ्याचे भले, घेणाऱ्याचे भले आणि समाजाचेही भले, हा त्याचा आशय. मार्गदर्शकांनी प्रांजळपणे सांगितले की ही शब्दरचना अलीकडची आहे, जुन्या कागदांत ती सापडत नाही. विचार मात्र जुना आहे. याच परिसरातील नाकामुरा जिहेई या वृद्ध व्यापाऱ्याने १७५४ साली आपल्या पंधरा वर्षांच्या दत्तक वारसासाठी एक लेख लिहून ठेवला. परप्रांतात माल विकताना तेथील लोकांचे समाधान आधी पाहावे, एका फेरीत मोठा नफा ओढण्याचा लोभ धरू नये, असा त्याचा सारांश. परक्या मुलुखात पाहुणा म्हणून राहून धंदा करणाऱ्याला दुसरा आधार तरी कोणता? लोकांचा विश्वास हेच त्याचे भांडवल.

दुकाने एदोत, म्हणजे आजच्या तोक्योत, किंवा ओसाकात असली तरी मूळ घर ओमीतच असे. नोकरीला मुलेही गावाकडचीच नेली जात. दहा-बारा वर्षांचा पोर दुकानात रुजू झाला की साधारण पाच वर्षांनी त्याला प्रथमच गावी जाण्याची परवानगी मिळे. त्या वेळी मालक त्याचे काम तपासत. नालायक ठरलेल्याला परत बोलावणे येत नसे. अशा उमेदवार पोरांना ‘देच्ची’ म्हणत आणि त्यांच्या नावाची एक मिठाई येथे आजही मिळते. लाल चवळीसारख्या अझुकी दाण्यांचा गोड लगदा, पीठ आणि साखर बांबूच्या पातीत गुंडाळून वाफवतात. पोराच्या तुटपुंज्या पैशांतही गावाकडच्यांसाठी घेता येईल अशी ती भेट होती, म्हणून हे नाव पडले, असे सांगतात.

निशिकावांच्या घरासमोरच्या जागेवर पूर्वी निशिमुरा तारोएमोन याचे घर होते. त्याची कथा ऐकताना सारा गट स्तब्ध झाला. सतराव्या शतकाच्या आरंभी, कोवळ्या वयात, तो व्यापारासाठी समुद्रापार आन्नान म्हणजे आजच्या व्हिएतनाममध्ये गेला आणि तेथे त्याचा उत्कर्ष झाला. दरम्यान जपानने आपली दारे मिटून घेतली. १६३५ च्या हुकुमाने परदेशी राहिलेल्या जपानी माणसांना परतण्यास बंदी झाली. १६४७ मध्ये तारोएमोन नागासाकीच्या बंदरापर्यंत आला, पण त्याला मायभूमीवर पाऊल ठेवू दिले गेले नाही. तेव्हा त्याने एका चित्रकाराकडून आपल्या नौकेचे चित्र काढवून घेतले, ते गावच्या हिमुरे हाचिमान देवस्थानाला अर्पण म्हणून पाठवले आणि तो माघारी फिरला. पुढे परदेशातच त्याचा अंत झाला. ते चित्र आजही राष्ट्रीय ठेवा म्हणून जपलेले आहे. माणूस येऊ शकला नाही, त्याची नौका आली.

दुपारी सर्वांनी शिदोरी सोडली. भोजनाच्या बाबतीत आपल्या मंडळींनी येथे सावध असावे. भाजीच्या साध्या रश्श्यातही माशांचा अर्क असतो, आणि येथील प्रसिद्ध लाल कोन्न्याकु हा पदार्थ मांसाहारी नसला तरी कंदापासून होतो. गटाने बरोबर आणलेले खाखरे, थेपले आणि कोरडी चटणी यांवर निभावले. नोव्हेंबरच्या अखेरीस येथे पाचच्या आत सूर्यास्त होतो, हेही चौविहार पाळणाऱ्यांनी ध्यानात ठेवावे.

नंतर नावेतून कालव्याची फेरी झाली. दोन्ही काठांवर दगडी बांध, पांढऱ्या भिंतींची कोठारे, पाण्यात लाल मेपलचे प्रतिबिंब. इतक्या देखण्या जलमार्गाची एके काळी गटार झाली होती, यावर विश्वास बसू नये. रेल्वे आणि मोटारी आल्यावर नौका थांबल्या. महायुद्धानंतरच्या काळात गाळ साचला, दुर्गंधी सुटली आणि कालवा बुजवून टाकण्याची योजना तयार झाली. १९७० च्या दशकात गावातील तरुण व्यावसायिकांच्या संघटनेने त्याला विरोध केला. बुजवल्या क्षणापासून पश्चात्ताप सुरू होईल, असे ते सांगत राहिले. केवळ सांगून न थांबता ते स्वतः चिखलात उतरले आणि गाळ काढू लागले. हळूहळू गाव त्यांच्या बाजूला आले, योजना रद्द झाली आणि कालवा वाचला. आज या गावाला अनेक पाहुणे येतात ते त्याच्यामुळेही.

परतीच्या वाटेवर बार्शीचे एक वयोवृद्ध धान्य व्यापारी मार्गदर्शकांजवळ थांबले. दिवसभर ते फारसे बोलले नव्हते. निशिकावांच्या घरात आता कोण राहते, असे त्यांनी विचारले. कोणीही नाही, असे उत्तर आले. अकराव्या पिढीला संतती नव्हती, १९३० मध्ये घराणे संपले आणि पुढे घर नगराकडे आले.

“म्हणजे वारस नाही,” वृद्ध गृहस्थ म्हणाले.

मार्गदर्शक क्षणभर थांबले. मग दारावरून नुकत्याच बाहेर पडणाऱ्या शाळकरी मुलांकडे त्यांनी हात केला. “घराणे संपले. घर मात्र संपले नाही.”

बार्शीच्या गृहस्थांचे दोन्ही मुलगे परदेशात स्थायिक झालेले. तीन पिढ्यांची पेढी आता मुनीमच पाहतात. त्याहीआधी, त्यांचे आजोबा राजस्थानातील एका खेड्यातून कापडाचे गाठोडे घेऊन महाराष्ट्रात आले होते. तेथील जुनी हवेली कित्येक वर्षे कुलूपबंद आहे. अंगणातील विहीर पूर्वी साऱ्या वस्तीला पाणी देई. ती बुजत चालल्याचे कोणीतरी कळवले होते, पण त्याकडे लक्ष देण्यास सवड झाली नव्हती.

क्योतोच्या गाडीत बसल्यावर नातवाने पिशवीतील देच्ची मिठाईची पुडी पुढे केली आणि दादाजींनी घटकांची यादी त्याच्याकडून पुन्हा एकदा वाचून घेतली. सूर्यास्ताला थोडा अवकाश होता. एक तुकडा खाऊन त्यांनी पाणी घेतले आणि शेजारी बसलेल्या धाकट्या बंधूंकडे वळून विचारले, “गावच्या हवेलीची किल्ली हल्ली कोणाकडे असते?”

बंधूंना ते नीटसे आठवेना. त्यांनी लगेच फोन काढला. भारतात दुपारचे एक वाजत आले होते, आणि गावी कोणीतरी घरी असण्याची ती वेळ होती.