बंड्या, सॉरी यार!

झांझिबारच्या स्टोन टाऊनहून बोटीत बसा, अर्ध्या तासात प्रिझन आयलंड. १९१९ मध्ये सेशेल्सहून भेट आलेल्या चार महाकाय कासवांपासून इथली वसाहत सुरू झाली. मी लाडाने बॅगेतून केळं काढलं, तर राखणदाराने मानेनेच 'नको' म्हणत हातात हिरवा पाला दिला! अशा कासवांना लागतं गवत, पाला, भरपूर चोथा, कॅल्शियम आणि ऊन. फळ क्वचितच. मला एकदम आमचा बंड्या आठवला. लहानपणी या स्टार कासवाला आम्ही कौतुकाने दूध-पोळी भरवायचो. त्याची पाठ मऊ पडली, मग तो गेलाच. आपल्याकडे स्टार कासव पाळणं वन्यजीव कायद्याने गुन्हा आहे, हे घरात कुणाच्या गावीही नव्हतं. तो पाला मी दोन्ही हातांनी भरवला.