थर्मोस्टॅट घेण्याआधी

चि. मुग्धा हिस,


शिकागोजवळचं घर ताब्यात आलं, हिवाळा तोंडावर आलाय आणि थर्मोस्टॅट कुठला घेऊ म्हणून तू चार फोटो पाठवलेस. चारही देखणे आहेत. मला मात्र पाचवा फोटो हवाय: भिंतीवरच्या जुन्या थर्मोस्टॅटमागच्या वायरींचा. बेसमेंटमध्ये जाऊन ब्रेकर आधी बंद कर, मगच झाकण काढ.

तुझ्याकडे आहे तो हनीवेलचा गोल, पाऱ्याचा. हेन्री ड्रायफस यांनी घडवलेलं हे रूप १९५३ पासून अमेरिकेतल्या घराघरांत आहे. आत दोन धातूंच्या जोडपट्टीची गुंडाळी असते. दोन्ही धातू सारखे आक्रसत नाहीत, म्हणून गारठा वाढला की गुंडाळी वळते, तिच्यावरची काचेची कुपी कलते, आतला पारा घरंगळून दोन तारा जोडतो आणि फर्नेस सुरू होते. घर तापलं की उलट. एवढाच कारभार! (ही कुपी फोडू नकोस, कचऱ्यातही टाकू नकोस, पारा विषारी असतो.)

म्हणजे तो फर्नेसला चालू-बंद एवढंच सांगतो. बाहेरून कुडकुडत येऊन काटा ८० वर नेला म्हणून घर लवकर तापत नाही. फर्नेस बंद व्हायला तेवढा उशीर होतो. हे जावईबापूंना वाचून दाखव.

आता वायरी. बारीक, रंगीत असतील तर त्या २४ व्होल्टच्या. रंगावर जाऊ नकोस, स्क्रूजवळची अक्षरं बघ. आर म्हणजे वीज, डब्ल्यू हीटिंग, वाय एसी, जी पंखा. खरी मेख सी वायरची. ती असली तर वायफायवाल्या थर्मोस्टॅटला सतत वीज मिळते. नसली तर अ‍ॅडॉप्टर नाहीतर नवी वायर ओढणं आलं. कुठे दोनच जाडजूड वायरी दिसल्या तर हात लावू नकोस, इलेक्ट्रिशियनला बोलाव. त्या १२० किंवा २४० व्होल्टच्या असू शकतात आणि त्यांचा थर्मोस्टॅटच वेगळा असतो.

अमेरिकेच्या ऊर्जा खात्याच्या हिशेबाने रोज आठ तास तापमान ७ ते १० अंश फॅरनहाइट कमी ठेवलं तर हीटिंग-एसीच्या खर्चात वर्षाला १० टक्क्यांपर्यंत बचत होते. ते काम वेळ लावून ठेवता येणारा साधा, बॅटरीवरचा थर्मोस्टॅटही करतो. घर रिकामं कधी असतं हे शिकून घेणाऱ्या महागड्याचा तुला काय उपयोग? ताई आणि भावजी हिवाळाभर तुझ्याकडेच असणार, दिवसा घर रिकामं राहणारच नाही. तापमान उतरवायचं ते रात्रीच.

जागा मात्र बदल. जुना स्वयंपाकघराच्या दाराशी आहे. गॅसची धग लागली की त्याला वाटतं घर तापलं, आणि आतल्या खोलीत ताई दोन स्वेटर घालून बसेल. हॉलमधली आतली भिंत बरी, जिथे ऊन किंवा व्हेंटचा झोत येत नाही.

सी वायर असेल आणि वीज कंपनी सूट देत असेल, तर खुशाल वायफायचा घे. नसेल तर साधाच घे. फोटो मात्र आजच पाठव.

तुझा,
मामा