शब्द बदलताना

दुसऱ्याच्या लेखावरून हात फिरवून तो छापण्याजोगा करणे हाच ज्याचा नित्याचा व्यवसाय आहे, त्याच्यापुढे एका विशिष्ट जातीचा मजकूर वारंवार येतो: विचार कुणाचा तरी, वाक्यरचनाही त्याचीच, शब्द मात्र एकूण एक पर्यायाने बदललेले. असा मजकूर ओळखण्यास मूळ लेख हाताशी असावा लागत नाही. ‘पावसाने ओढ दिली आणि शेतकऱ्यांच्या तोंडचे पाणी पळाले’ या सरळ वाक्याच्या जागी ‘पर्जन्याने ओढ दिली व कृषकांच्या मुखातील जल पळाले’ असे काही वाचावयास मिळाले, म्हणजे लिहिणाऱ्याची दृष्टी अर्थाकडे नसून कोशाकडे होती, हे तत्काळ ध्यानात येते. कारण तोंडचे पाणी हे पाणी नव्हेच, ती धास्ती आहे, आणि धास्तीला जल हा प्रतिशब्द कोणताही कोश देत नाही. येथे ‘पाऊस लांबला तसा शेतकरी धास्तावला’ असे वाक्य मुळापासून रचावे लागते. शब्दागणिक फेरफार करीत तेथवर पोचता येत नाही.

कोशकारांना मात्र याबद्दल जबाबदार धरणे अन्यायाचे होईल. ज्याला आपण अमरकोश म्हणतो त्या ग्रंथाला अमरसिंहाने नाव दिले ते ‘नामलिंगानुशासन’. म्हणजे एका वस्तूची अनेक नामे सांगताना प्रत्येक नामाचे लिंगही शिकविणे हा त्याच्या प्रतिज्ञेचाच भाग होता. मराठीत काम करणाऱ्याला या शिस्तीची निकड पदोपदी जाणवते. एखाद्या परिच्छेदात ‘रस्ता’ काढून ‘वाट’ घातली, की ‘जुना’ची ‘जुनी’ होते, ‘गेला’ची ‘गेली’ होते, आणि चार ओळी पलीकडचे एखादे ‘त्याच्या’ नजरेतून निसटले तर तेवढे एकच सर्वनाम साऱ्या फेरफाराची साक्ष देत उभे राहते. शिवाय लिंग जुळले म्हणजे अर्थ जुळला असेही नाही: रस्ता बांधतात, वाट पडते, रस्त्याला खाते लागते, अंदाजपत्रक लागते, आणि वाटेला पुरतात ती रोज त्याच बाजूने जाणाऱ्यांची पावले.

आपल्या भाषेत तर एकेका अर्थाची तीन तीन दालने आहेत. कचेरीत आपण अर्ज करतो, वडीलधाऱ्या माणसाला विनंती करतो, देवापुढे प्रार्थना करतो. मागणे तेच, पण मागणारा कोठे उभा आहे हे शब्दच सांगतो. 1674 मध्ये शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक झाला, त्या सुमारास त्यांच्या आज्ञेने रघुनाथ पंडितांनी ‘राज्यव्यवहारकोश’ रचून दफ्तरातील फारसी शब्दांना संस्कृत पर्याय दिले, ते कार्य मला शब्दबदलाच्या इतिहासात सर्वांत थोर वाटते, कारण तेथे शब्दाबरोबर राज्यच बदलत होते; मुजुमदाराचा अमात्य झाला, सुरनिसाचा सचिव झाला, सरनोबताचा सेनापती झाला, आणि हे शब्द आजही आपल्या कानाला परके वाटत नाहीत. तरीही, ज्या पदाच्या शिक्क्यावर ‘मुख्य प्रधान’ अशी अक्षरे उमटत राहिली, त्या पदाला लोकांनी अखेरपर्यंत ‘पेशवा’च म्हटले. आमच्या काळात सरकारी खात्याचे नाव भूमि अभिलेख असे आहे, पण शेताच्या बांधावर तंटा पडला की शेतकरी मोजून मागतो ती जमीन. शिक्क्यावरचा शब्द आणि तोंडचा शब्द असे एकमेकांशेजारी दीर्घकाळ नांदू शकतात, आणि पुनर्लेखन करणाऱ्याने यांपैकी आपण कोणाच्या वतीने लिहीत आहोत हे आधी ठरविले पाहिजे.

शब्द हलविता येतो की नाही, ही चिकित्सा आपल्याकडे फार जुनी आहे. अकराव्या शतकात मम्मटाने अलंकारांची वर्गवारी करताना हीच कसोटी लावली: शब्दाच्या जागी पर्याय घातल्यावर अलंकार टिकला तर तो अर्थाचा, मोडला तर शब्दाचा. त्याच्याही आधी काश्मीरच्याच वामनाने, पदे जेव्हा बदल सोसण्याची शक्ती टाकून देतात त्या अवस्थेला ‘शब्दपाक’ म्हटल्याची नोंद केली आहे. याच्या उलट टोकाला आपले मोरोपंत: निरोष्ठ रामायणात ओठांनी उच्चारावयाचे वर्णच त्यांनी वर्ज्य केले, तेव्हा रामाची कथा सांगावयाची आणि ‘राम’ हे नाम मात्र घ्यावयाचे नाही असा तो प्रसंग होता. अशा ठिकाणी पर्यायाचे भांडार जवळ असून भागत नाही, सगळी रचनाच त्या निर्बंधाच्या अंगाने वळवून घ्यावी लागते. आणि म्हणूनच पंतांची शब्दसंपत्ती हा मला त्यांच्या पांडित्याहूनही त्यांच्या कष्टाचा पुरावा वाटतो.

माझ्या टेबलावरचे काम इतके अवघड नसते, परंतु वामनाची कसोटी मी रोज वापरतो. परिच्छेद हाती आला की प्रथम त्यातील एकेक शब्द काढून त्याच्या जागी दुसरा मनातल्या मनात म्हणून पाहतो. जो सुखाने हलतो तो हलू देतो, आणि ज्याच्या जाण्याने वाक्याला धक्का बसतो त्याच्याभोवती पेन्सिलीने खूण करून, बाकीच्या मजकुराची मांडणी त्या शब्दाला सांभाळून नव्याने करावयास घेतो.