माळवदावरची माती

कडेगाव-खानापूर भागातल्या वाड्यावस्त्यांवर पडक्या घरांपेक्षा कुलूपबंद घरं जास्त दिसतात. घरधनी दूर तमिळनाडूत, केरळात नाहीतर बंगालात, गलाईच्या भट्टीपाशी. जुनं सोनं-चांदी गाळून शुद्ध करायच्या या धंद्यात आमच्याकडची माणसं उतरली ती दुष्काळामुळे. एकानं जम बसवला की भावाला बोलवायचं, भावानं मेहुण्याला. १९७२चं दुष्काळी साल तर म्हाताऱ्यांच्या बोलण्यात अजून येतं.

आमचं घर माळवदाचं. उन्हाळा सरता सरता चुलते वर पांढरी माती पसरायचे, पाणी मारून चोपायचे, आम्ही पोरं घमेली पोचवायचो. ही माती एक साल चुकली की गळती सुरू. ओल आधी मातीखालच्या किलचानात उतरते, मग वाळवी, मग तुळई वाकते. चुलते गेले आणि माती टाकायची कुणी, हे ठरलंच नाही. उताऱ्यावर सगळ्या भाऊबंदांची नावं. एकानं खर्च केला तर दुसऱ्याला वाटतं, हा हक्क लावतोय. कितीतरी घरं अशीच बसली.

कडेगाव तालुक्यातल्याच देवराष्ट्रे गावी यशवंतराव चव्हाणांचं जन्मघर जपलेलं आहे, त्याचा अभिमान आहेच. पण साध्या माणसांची घरं त्यांच्या माणसांनीच राखायची असतात.

मोहरमला मात्र कडेगाव भरतं. उंच ताबूत इथे आधी कळस बांधून मग खाली पायाकडे आणतात. हिंदू-मुसलमान दोघांच्या घरी ताबुतांचा मान, आणि ताबुतांच्या भेटीच्या दिवशी मैदानात पाय ठेवायला जागा नसते. ज्याच्या घराण्याकडे मान, तो कुठूनही येतो. नुसत्या आठवणीनं तो इतक्या लांबून आला असता का, मला शंका आहे. त्याच्यावाचून अडणारं काम गावात आहे, म्हणून तो येतो. परमुलखात वाढलेल्या आमच्या पोरांसाठी असं कामच आम्ही ठेवलं नाही. ती येतात पाहुण्यासारखी, दोन दिवसांत कंटाळतात.

आता टेंभू आणि ताकारी योजनांनी कृष्णेचं पाणी उचलून माळावर आणलंय. कुसळं उगवायची तिथे ऊस उभा आहे. ज्या कारणानं घरं सोडली ते बऱ्याच शिवारांत उरलं नाही, तरी कुलपं निघालेली नाहीत.

भाऊबंदांनो, वाटणीचं नंतर बघू. यंदा पावसाआधी या, पोरांना घेऊन या, आणि घमेली त्यांच्या हातात द्या.